येऊन राहिली

मी एक जुना ध्वनिमुद्रक आहे, मित्रांनो. जुना म्हणजे किती, ते मला विचारू नका, कारण बॅटरी बदलली की माझ्यातले घड्याळ पुन्हा पहिल्या तारखेवर जाते. मला डोळे नाहीत. कान मात्र इतके तिखट आहेत की शेजारच्या खोलीत कोणी भाजी निवडत असले, तरी मला ऐकू येते. ऐकू सगळे येते, समजते फार थोडे. माझे सारे आयुष्य या गोंधळातच गेले आहे.

माझा कारखाना कुठला, ते माझ्या पाठीवर लिहिलेले होते म्हणे. ती पट्टी केव्हाच झिजली. मला आठवते ते जर्मनीतल्या हांबुर्ग शहरातले जुन्या वस्तूंचे दुकान. तिथे एका बाईने मला उचलले, कानांना हेडफोन लावले आणि माझ्यासमोर म्हणाली, "हॅलो, हॅलो, हिवरखेड." मला वाटले, हिचे नावच हिवरखेड. पुष्कळ दिवसांनी उलगडा झाला की ते अकोला जिल्ह्यातले तिचे गाव आहे आणि बाईंचे नाव साधना.

साधना सिनेमा शिकायला तिकडे गेली, ती तिकडचीच झाली. गावात सगळ्यांना वाटे की ती नटी होणार. ती कोणत्या पिक्चरमध्ये दिसते, असे लोक तिच्या वडिलांना विचारत. ती दिसत नाही, दाखवते, हे त्यांना सांगूनही पटत नसे. तिला ना निर्माता, ना कंपनी. दिवसा हॉटेलात भांडी घासायची आणि सुटीच्या दिवशी मला खांद्याला लटकवून फिरायची. तिचा पहिला सिनेमा मेट्रोचे डबे धुणाऱ्या बायकांवर होता. तो पाहायला अकरा माणसे आली, त्यांतली तीन दुसऱ्या सिनेमाची समजून आली होती. ती तिघे मध्येच उठून गेली, तेव्हाचा खुर्च्यांचा आवाज माझ्याकडे होता. पुढचे सिनेमे थोडे बरे चालले. तिकडचे लोक तिला भारतीय दिग्दर्शिका म्हणत, इकडचे जर्मनीवाली. आपण नक्की कोण, हे तिलाच कळत नव्हते, तर मला काय कळणार?

मी तिच्याकडून मराठी शिकलो, पण ती मराठी छापील होती. झाले असे की हांबुर्गातल्या पुण्याच्या मैत्रिणी तिच्या वऱ्हाडी 'मले-तुले'ला हसायच्या. मग मी येण्याआधीच तिने ते बोलणे हळूहळू सोडून दिले होते. म्हणून एकोणीस वर्षांनी आम्ही हिवरखेडला आलो, तेव्हा माझी फारच पंचाईत झाली. ती आपल्या वडिलांवर सिनेमा करायला आली होती. वडील देवमन, भाजी पिकवणारे आणि बाजारात स्वतः बसून विकणारे. सारा गाव कोणत्या तरी ओळखीच्या भाषेत बोलत होता, आणि मला निम्मे शब्द हुकल्यासारखे वाटत होते.

एका बाजाराच्या दिवशी साधनाने देवमनबाबांच्या सदऱ्याला छोटा माईक लावला, मला त्यांच्या पाटीत वांग्यांशेजारी ठेवले आणि ती कॅमेरा घेऊन बाजाराच्या दुसऱ्या टोकाला गेली. शेजारी मिरच्या विकणाऱ्या पार्बताबाईंनी विचारले, "पोरगी गावात दिसली म्हणते. आली काय कायमची?"

देवमनबाबांनी तराजूत वांगी टाकली. मग म्हणाले, "येऊन राहिली."

एवढेच. मी ते जपून ठेवले. हांबुर्गला परतल्यावर साधनाने ते ऐकले आणि ती रडली. सिनेमाचा शेवट तिथेच करायचा, असे तिने ठरवले. पडद्यावर खाली येणारी इंग्रजी ओळ तिनेच लिहिली: ती आली आणि राहिली, अशा अर्थाची. ती ओळ वाचून तिकडची माणसे म्हणे डोळे पुसत बाहेर पडत. सिनेमाला बक्षीस मिळाले, वर्तमानपत्रांत नाव आले, आणि जो तो त्या शेवटच्या ओळीबद्दलच बोलू लागला. माझेही कौतुक झाले. मला खूप अभिमान वाटला, हे कबूल करतो.

या हिवाळ्यात तो सिनेमा अकोल्यात दाखवला. आठवड्याभरात त्याची पक्की प्रत तिकडच्या टीव्हीवाल्यांना पाठवायची होती. हॉलमधले आवाज टिपण्यासाठी साधनाने मला मांडीवर घेतले होते. एका बाजूला देवमनबाबा, दुसऱ्या बाजूला तिच्या भावाची मुलगी, कॉलेजात शिकणारी खुशी. शेवटची ओळ आली. हॉलमध्ये कुणी हुंदका दिला नाही, उलट मागे कुजबुज झाली. खुशी हळूच म्हणाली, "आत्या, खाली चुकीचं लिहिलं. आबाजी म्हणते, येऊन राहिली. म्हणजे अजून येतच हाये. रस्त्यातच हाये."

साधनाचा हात माझ्यावर घट्ट दाबला गेला. हिवरखेडची मुलगी, बापाच्या तोंडचे 'राहिली' तिने पुस्तकातले 'राहिली' म्हणून ऐकले होते.  खाली इंग्रजीत काय लिहिले आहे, ते देवमनबाबांनी खुशीला विचारले, तिने सांगितले, आणि परतीच्या प्रवासात त्यांनी ते तिच्याकडून पुन्हा एकदा ऐकले.

सकाळी ओसरीवर साधनाने लॅपटॉप उघडला. मी बाजूला चालूच होतो. ती म्हणाली, मला बापाचं बोलणं कळत नसेल, तर मी त्याच्यावर सिनेमा कसला केला? ती खूप शरमली होती. ओळ बदलली तर सिनेमाचा शेवटच बदलणार होता, आणि ज्याच्यासाठी बक्षीस मिळाले तेच जाणार होते. तरी तिने बदलली. खुशीने नवी ओळ वाचून आबाजींना अर्थ सांगितला: ती येते आहे.

"आता बरोबर आहे ना, बाबा?" साधनाने विचारले.

"बराबर हाये," देवमनबाबा म्हणाले. "पण मले पहिलं आवडलं होतं."

साधनाने लॅपटॉप मिटला.  

देवमनबाबांनी विचारले, "तू सांग. तू येऊन राहिली, का जाऊन राहिली?"

माझ्या आयुष्यात मी तिचे हजारो शब्द ऐकले आहेत. त्यांत असा एकही नव्हता. आवाज तिचाच होता, पण बोलणे वीसेक वर्षांपूर्वीच्या कुणा मुलीचे होते. ती म्हणाली, "मले समजून नाई राहिलं, बाबा."

देवमनबाबा हसले. मग त्यांचा आवाज ओला झाला. "हे बराबर बोलली," ते म्हणाले.

मित्रांनो, ती राहणार की जाणार, हे मला माहीत नाही. माझी बॅटरी तेवढ्यात संपली. आमच्यासारख्या यंत्रांना धूळ लागू देऊ नका, बॅटरी वेळेवर बदला, हे तर मी सांगणारच. पण घरचे माणूस ज्या बोलीत तुमची वाट पाहते, ती बोलीही अधूनमधून बोलून पाहत जा.