चाळलेली माती

परसदारी जागा हातभर, म्हणून सुनेने भिंतीलगत कमरेइतका जाड पाइप उभा केला. त्याला चहूबाजूंनी भोकं पाडली आणि प्रत्येक भोकात स्ट्रॉबेरीचं एकेक रोप लावायचं ठरवलं. मातीत नारळाची शेंडी, बारीक खडी असं काय काय कालवून ठेवलं आणि सासूला, मोठीबाईंना, म्हणाली, "आई, मी कामावरून येईपर्यंत एवढी आत भरून ठेवाल?"

मोठीबाईंनी घमेल्यात डोकावून नाक मुरडलं. उभ्या जन्मात त्यांच्या घरात धान्यातसुद्धा खडा राहिला नव्हता. पिठाची जुनी चाळण काढून त्यांनी सगळी माती चाळली, शेंडी आणि खडी उकिरड्यावर फेकली. मग पाइपात माती ओतून बत्त्याने ठोकून ठोकून बसवली. संध्याकाळी सून आली तेव्हा म्हणाल्या, "बघ, काम असं असतं."

सुनेने रोपं लावली. पंधरा दिवसांत वरची कुजली, खालची वाळून कोळ झाली. वरून ओतलेलं पाणी वरच तुंबत होतं. मोठीबाईंना तर आयतं कोलीतच मिळालं. आल्यागेल्याला सांगायच्या, "आमच्या सूनबाईंचा हातगुण. भिंतीवर शेती." सून खाली मान घालून भांडी विसळायची. पुढे लेकाची बदली झाली. "आमच्याबरोबर चला," असं सून एकदाच म्हणाली, आणि मोठीबाईंनी ते एकदाच नाकारलं.

वर्षाने दोडक्याच्या वेलाला आधार हवा म्हणून त्यांनी तो पाइप आडवा केला. आतून माती विटेसारखी अख्खी घसरून आली. वरच्या तोंडाशी बत्त्याचा गोल ठसा अजून तसाच होता. त्या तिथेच पायरीवर बसल्या. वेल राहिला बाजूला.

दुपारी फोन लावला. इकडचं तिकडचं झालं. मग म्हणाल्या, "अगं, तुझी रोपं मीच मारली. माती चाळली ना मी."

"ठाऊक आहे, आई. उपटली तेव्हाच कळलं."

"मग चार माणसांत बोलली का नाहीस?"

"तुम्ही एवढ्या मायेनं चाळली होती."

मोठीबाईंनी विचारलं, "सुट्टीत येशील? खडी आणून ठेवते."

"बघू," सून म्हणाली.

मनात होकार असला की मोठीबाई असंच म्हणायच्या. सून त्यांच्याकडूनच शिकली होती.