दोन बाजूंची वीज

ताई रॅकच्या पाठीमागे वाकली आणि तिने लाल केबल हलकेच ओढून पाहिली. मग निळी. दोन्ही घट्ट होत्या. सकाळपासून तिचा हाच उद्योग चालला होता, आणि घट्ट असलेली गोष्ट कितीदा ओढली तरी घट्टच राहते हे तिला सांगायची कोणाची छाती नव्हती.

सख्खा भाऊ तिला ताई म्हणायचा, म्हणून सगळं ऑफिसही म्हणू लागलं होतं. रुग्णालयाच्या संगणक-यंत्रांची ही नवी खोली तिने आखलेली. यंत्रं ठेवायचे रॅक कुठे उभे राहायचे, गार हवा कोणत्या गल्लीत सोडायची, गरम हवा कुठून ओढून घ्यायची, वीज कुठून आणायची, सगळं तिचं. केबल मात्र धाकट्याने टाकल्या होत्या. त्याला सगळे वेणी म्हणत, कारण त्याच्या हातून गेलेल्या केबल घट्ट विंचरून घातलेल्या वेणीसारख्या दिसायच्या.

त्या देखणेपणानेच दोघांचा घात केला होता. अशा खोलीत प्रत्येक यंत्राला वीज दोन बाजूंनी द्यायची असते, एक बाजू गेली तर दुसरीने सांभाळून घ्यावं म्हणून. आधीच्या एका कामात वेणीने दोन्ही केबल एकाच बाजूला नेल्या. दुसऱ्या बाजूने नेलं तर ओळ मोडत होती, आणि मोडलेली ओळ त्याच्या डोळ्यांना सोसत नसे. लोक येऊन फोटो काढून गेले. तपासायला आलेली ताईसुद्धा बघतच राहिली, आणि बघता बघता तपासायचं विसरली. मग एका दुपारी ती बाजू गेली आणि अख्खी खोली आडवी झाली. बडा घर पोकळ वासा, असं लोक तोंडावर बोलले.

तेव्हापासून वेणीला कोणी कामाला बोलावलं नाही. तो घरी बसून शेजाऱ्यांचे पंखे दुरुस्त करायचा. आई त्याच्यापुढे ताट ठेवायची आणि काही विचारायची नाही. ते न विचारणंच त्याला जास्त लागायचं.

या खोलीच्या वेळी ताई अडून बसली. केबल वेणीच टाकणार, नाहीतर आखणी दुसऱ्याकडून करून घ्या. रुग्णालयाच्या संचालकांनी मान्य केलं, पण अट घातली. खोली ताब्यात घेण्याआधी सगळी यंत्रं पूर्ण जोरात चालू असताना, सगळ्यांच्या देखत, एका बाजूची वीज तोडायची. एक जरी यंत्र बंद पडलं तरी बहीणभावाने इथे पुन्हा तोंड दाखवायचं नाही.

ठरलं होतं ते असं. संचालक, डॉक्टर असे सगळे पाहुणे आत आले आणि दार लागलं, की समोरच्या वीजखोलीत वेणीने एका बाजूची वीज तोडणारा मोठा दांडा खाली ओढायचा. कान किटू नयेत म्हणून धोक्याची घंटा आधीच बंद केलेली. एक बाजू गेल्याचे दिवे लागणार ते यंत्रांच्या पाठीला, गरम गल्लीत. पाहुणे उभे राहणार पुढच्या गार गल्लीत.

दार लागलं. ताई बोलत राहिली. फरशीतून येणाऱ्या हवेने एका डॉक्टरबाईंनी हात काखेत घातले. संचालक अधूनमधून वर बघत होते, छतावरची पाल अंगावर पडेल की काय अशा चेहऱ्याने. पंख्यांची घरघर जशीच्या तशी होती. हिरवे दिवे लुकलुकत होते. ताईचं बोलणं संपलं, तिने तेच पुन्हा वेगळ्या शब्दांत सांगितलं, तेही संपलं.

"कधी बंद करताय?" संचालकांनी विचारलं.

"होईलच आता."

वेणीचा हात उठत नसणार. सकाळी त्याने चहा तसाच निवू दिला होता ते तिला आठवलं. माझा भरवसा आहे तुझ्यावर, असं ती त्याला इतक्यांदा म्हणाली होती की तिला स्वतःलाही ते खरं वाटू लागलं होतं.

"जरा आलेच," ती म्हणाली आणि बाहेर पडली.

राहू दे, मी ओढते, हे वाक्य तिने चालता चालता जुळवलं. वीजखोलीचं दार ढकलून तिने हात पुढेही केला.

दांडा खाली होता.

वेणी भिंतीला टेकून जमिनीवर बसला होता, गुडघे पोटाशी, दोन्ही कान हातांनी गच्च दाबलेले. तिला पाहताच त्याने हात काढले.

"किती बंद पडली?"

"तू ओढलास कधी?"

"दार लागलं तेव्हाच. तसंच ठरलं होतं ना?" तो पुढे सरकला. "सांग ना, ताई. किती?"

म्हणजे ती बोलत होती तो सगळा वेळ खोली एकाच बाजूच्या विजेवर उभी होती, आणि तिला, आखणारीला, कळलंसुद्धा नव्हतं. ताईला असा आनंद झाला की छातीत मावेना.

"एकही नाही," ती म्हणाली. "अरे, एकही नाही."

त्याने तिच्या चेहऱ्याकडे पाहिलं. मग दांड्याकडे पुढे केलेल्या तिच्या हाताकडे.

"मग तू कशाला आलीस?"

ताईने हात मागे घेतला. उत्तर तिच्यापाशी होतं, पण ते भावाला द्यायची तिला लाज वाटली.

एवढ्यात संचालक दारात आले. आत सगळे गारठलेत, ते म्हणाले, आज बंद करायचंय की नाही?

वेणी उठला. त्याने पँटची धूळ झटकली.

"बंदच आहे, साहेब. तुम्ही आत गेलात तेव्हापासून."

संचालकांनी दांड्याकडे पाहिलं. मग मागे वळून त्या घरघरणाऱ्या खोलीकडे पाहिलं.

"इतक्यात चालू करू नका," ते हळूच म्हणाले. "बाकीच्यांना बोलावतो. मागच्या बाजूने दाखवा सगळ्यांना. ताई, तुम्ही सांगाल ना?"

"मी नाही," ताई म्हणाली. "तो सांगेल."

आणि दारातून बाजूला होऊन तिने भावाला पुढे जाऊ दिलं.