झाकलेली भाकरी

निदाने शेवटची भाकरी तव्यावरून काढली, टोपल्यात न टाकता वेगळ्या ताटलीत ठेवली आणि वर वाटी पालथी घातली. सौदीतल्या रास तनुराच्या या घरी सासरे, हुसेनमियाँ, राहायला आल्यापासून ही एक भाकरी रोज जास्तीची व्हायची. सकाळी ते स्वतःच ती चहात बुडवून खायचे. गावी, रत्नागिरीच्या खाडीकाठी, त्यांच्या आईने, सफूराने, मरेपर्यंत अशी भाकरी झाकली होती. जहाजावर गेलेला नवरा कधी दारात उभा राहील, सांगता येत नाही म्हणून.

नवरा खलाशी. इंग्रजांच्या 'वेल्डन' जहाजावर भट्टीत कोळसा टाकायचा. दुसऱ्या मोठ्या लढाईत जर्मन पाणबुडीने ते जहाज बुडवलं तेव्हा हुसेनमियाँ आईच्या पोटात होते. गावचा एक खलाशी वाचून परत आला. त्याने सांगितलं, आम्ही दोन होड्यांत उतरलो. माझी होडी सापडली, तुझा नवरा दुसरीत होता, वल्हं मारत होता, चांगला धडधाकट होता. त्या एका बोलण्यावर सफूराने जन्म काढला. जमातीने गैरहजर मय्यताची, म्हणजे प्रेत समोर नसताना पढायची, नमाज ठरवली, तर ही मशिदीच्या दारात जाऊन बसली आणि उठेना. शेवटच्या दुखण्यात मुलाचा हात धरून तिने बजावलं होतं, डोळ्यांनी बघितलेला माणूस सांगेल तेव्हाच पढायची, तोवर नाही.

आता हुसेनमियाँ स्वतः ऐंशीच्या पुढे गेले होते. बघितलेला माणूस काही आला नव्हता. आपण गेल्यावर बापाची नमाज कोण पढणार, हा घोर त्यांना नेमका जेवायला बसलं की लागायचा, आणि मग ते नातीपुढे त्या जहाजाचं नाव काढत बसायचे.

उझमाने एक दिवस ते नाव इंटरनेटवर शोधलं. शाळेतून आली ती पाठीवरचं दप्तरही न उतरवता आजोबांसमोर बसली.

"दादा, जहाज मिला. डुबोनेवाला भी मिला."

पाणबुडीच्या कप्तानाचं सगळं सापडलं होतं. जन्मगाव, शिक्षक बाप, पंचविशीत हाती आलेली पाणबुडी, बुडवलेली एकेक बोट, गळ्यातलं पदक, पांढऱ्या टोपीतला हसरा फोटो. हुसेनमियाँनी फोनवरचा तो फोटो लांब धरून बघितला, जवळ आणून बघितला. बापाचा एकही फोटो घरात नव्हता.

"खलाशांचं काय दिलंय?"

"सिर्फ इंडियन क्रू लिखा है. नाम नहीं."

लढाईनंतर कैदेतून सुटल्यावर बापासारखीच कप्तानानेही शाळेत नोकरी धरली होती. अगदी म्हातारपणी तो कोणा पत्रकारापुढे बोलला होता. उझमाने तो व्हिडिओ लावला. खुर्चीत एक वाळलेला म्हातारा, कानात यंत्र. त्याच्या बोलण्याखाली इंग्रजी ओळी उमटत होत्या, त्या वाचून ती हिंदीत सांगू लागली. तिचा बाप जुनैद ड्यूटीवरून आला तो बूट न काढता दारातच थांबला.

वेल्डन बुडाल्यावर मी पाणबुडी वर आणली, कप्तान सांगत होता. हिंदुस्थानी खलाशांच्या होडीजवळ गेलो. पाण्याचा डबा दिला, किनारा कुठल्या बाजूला ते हाताने दाखवलं. त्यांच्यातल्या एकाने मला सलाम केला. पुढे काही दिवसांनी मी त्याच वाटेने परत येत होतो. होडी दिसली. बाकीच्यांना खाली पाठवून मी एकट्यानेच बघितलं. सगळे होते. जिवंत कोणी नव्हतं.

म्हातारा खिशात रुमाल शोधत राहिला. उझमाने व्हिडिओ बंद केला.

मग जुनैद म्हणाला, "अब्बा, दुश्मन तो. त्याच्या बोलण्यावर काय जायचं?"

"खोटं बोलायचं असतं, तर पाणी दिलं म्हणाला तिथेच थांबला असता," हुसेनमियाँ म्हणाले. फोन अजून त्यांच्या हातातच होता. "हा कप्तान गेला तेव्हा जवळ कोण होतं?"

उझमाने शोधून सांगितलं, "बेटी थी. हॉस्पिटल में."

"बरं झालं," ते म्हणाले, आणि भिंतीला धरून वजू करायला, नमाजेआधी हातपाय धुवायला, उठले.

असरच्या, तिसऱ्या प्रहरच्या नमाजेनंतर जुनैदने सगळ्यांना गाडीने किनाऱ्यावर नेलं. दूर पाण्यात तेलाच्या बोटी उभ्या होत्या. किब्ल्याकडे, मक्केच्या दिशेला तोंड केलं की समुद्र पाठीशी येत होता. या नमाजेत पुढे मय्यत असते. इथे पुढे वाळू होती, आणि वाऱ्याने लोळत चाललेली एक प्लास्टिकची पिशवी. हुसेनमियाँ पुढे, मागे जुनैद, त्याच्या मागे दोघी. अल्लाहू अकबरच्या चार तकबिरी झाल्या. आता सलाम फेरला की नमाज संपणार होती. हुसेनमियाँ तसेच हात बांधून उभे राहिले. जुनैद वाट बघत राहिला. मग म्हाताऱ्याने सावकाश उजवीकडे मान वळवली, मग डावीकडे.

रात्री भाकऱ्या करताना निदा शेवटच्या भाकरीशी अडखळली. ताटली जागेवर होती, वाटीही होती. तिने सासऱ्यांकडे बघितलं.

हुसेनमियाँनी आपलं ताट पुढे केलं.

"इकडे वाढ. गरम आहे तोवर."

निदाने वाढली. रिकामी वाटी उझमाने उचलली, हातात घेऊन थोडी घोटाळली, मग तिच्यात कालवण ओतलं आणि आजोबांच्या ताटाशी आणून ठेवली.