दुसरीच आई

मी मांडीवर मावणारी, चपट्या नाकाची कुत्री बोलतेय. रडायला नाही, उट्टं काढायला बोलतेय.

आमच्या जातीचं लोकांना भारी कौतुक. टपोरे डोळे, बाहुलीसारखं तोंड! पण हे तोंड माणसांनीच पिढ्यान्‌पिढ्या निवडून चपटं केलं, श्वास कुठून घ्यायचा ते मात्र विचारलं नाही. नीट जपलं तर आम्ही बारा-चौदा वर्षं जगतो म्हणतात. मला जपलं कुणी?

माझा मालक पिल्लं विकायचा. जीभ अशी गोड, की मुंग्या लागाव्यात. एका वेताचं दूध तुटतं न तुटतं तोच माझ्या पोटात दुसरं. गुडघ्याच्या वाट्या सरकल्या, दात पडले, ठसका लागला.

"अहो, हिला डॉक्टरकडे न्या," एकदा त्याची बायको म्हणाली.

"खोकतेय तर खोकू दे. पिल्लं देतेय ना?"

गिऱ्हाईक आलं की म्हणायचंच, "आई दाखवा." मग मला मोरीत कोंडायचं आणि मेव्हणीची धडधाकट कुत्री न्हाऊमाखू घालून, रिबीन बांधून बाहेर बसवायची. ती बिचारी माझ्या पिल्लांना हुंगून तोंड फिरवायची.

शेवटच्या वेतात एक लेक झाली, हुबेहूब माझं तोंड. मालक म्हणाला, "बाकीची विकू. ही ठेवू, म्हातारीच्या जागी." तेव्हाच ठरवलं, हिला मोरी दाखवू द्यायची नाही.

एका सकाळी शिवणकाम करणारी एक बाई सासूला घेऊन आली. मी मोरीच्या दाराला कान लावला.

"ही आई. सोळा वर्षं हलायची नाही बघा," मालक सांगत होता.

"मग पोरं हिच्या पोटाशी का जात नाहीत?" सासू म्हणाली. "आमची ही सून माहेरून महिन्यानं आली तरी पोरं झोंबतात."

"आई, गप्प बसा ना," सून पुटपुटली.

"का गप्प बसू? डोळे आहेत मला."

दूध पाजायला आडवी झाले की मला आधी ठसका यायचा. पिल्लांना तीच हाक ठाऊक होती. मालकाला तेवढं सुचलं नव्हतं. मी छाती फाटेस्तोवर खोकले. सगळी पिल्लं एकमेकांना तुडवत मोरीच्या दाराशी धावली.

"पाइपात पाणी अडकलंय हो," मालक हसला.

"तुमच्या पाइपाला दूध येतं वाटतं?" असं म्हणत सासूनं कडी काढली. मी लंगडत बाहेर आले आणि पोरं मला लोंबकळली.

तिनं मला उचलून छातीला कान लावला. "ही आणि हिच्याच तोंडाची ही लेक, दोघी मी नेते. नाही म्हणालास तर सगळ्या गल्लीला मोरी दाखवीन."

मालक दारातून बाजूला सरकला. सासूनं आम्हाला नेलं, आणि मोरीची गोष्ट गल्लीभर सांगायचंही सोडलं नाही. आता त्याच्या दारात कुत्रंसुद्धा फिरकत नाही.

डॉक्टरीणबाई म्हणाल्या, माझ्या हृदयाची झडप गळतेय, औषधावर दिवस काढायचे. काढते. लेकीचं ऑपरेशन करून घेतलंय, तिला वेत नाही. ती गादीवर उताणी झोपते, निर्लज्जासारखी. झोपू दे.

परवा वाटेत मालक भेटला. "मावशी, झालं गेलं विसरा की."

"मला काय विचारतोस? हिला विचार," सासू म्हणाली.

मी त्याच्याकडे असं टक लावून पाहिलं, की तो चप्पल फरफटवत पलीकडून निघून गेला.

पिल्लू घ्यायला जाल तेव्हा आईला मागा, तिला चालवून बघा, पोरं तिला बिलगतात का बघा. बारा वर्षं काही माझ्या नशिबात नाहीत. पण जेवढे श्वास उरलेत, त्यातला एकही त्याला माफ करण्यात घालवणार नाही.