नववा पाइप

धाकट्याच्या बायकोला जुळं झालं, त्याच वर्षी एका घराची तीन घरं झाली. तोवर तिघे भाऊ एका छपराखाली भांडत होते. आता ज्याच्या त्याच्या छपराखाली बसून भांडायची सोय झाली. जागा म्हाताऱ्याचीच होती. त्याने आयुष्यभर रस्त्याच्या कामावर रोलर चालवला होता. पुढे जा, मागे ये, पुन्हा पुढे जा. त्यामुळे त्याला दोन गोष्टी यायच्या: जमीन सपाट करणं आणि न चिडणं. मुलांच्या बाबतीत दोन्हींचा काही उपयोग झाला नाही.

घरं उभी राहिली, रंग लागला, आणि पाइप टाकायची वेळ आली. आवारात तीन ठिकाणं ठरलेली होती. मागे पाण्याची टाकी, कुंपणाजवळ गॅसवाल्यांनी लावलेली पेटी, आणि पुढे गटाराचं चेंबर. प्रत्येक घरातून तिन्हीकडे एकेक पाइप जायचा. साधं काम. मिस्त्री हत्यारांची पिशवी घेऊन आला, चहा प्यायला, आणि म्हणाला, "चार दिवसांत मोकळं करतो, आबा."

तेवढ्यात थोरला बाहेर आला. "एक सांगून ठेवतो. माझ्या पाइपावरून कुणाचा पाइप जाता कामा नये."

मधला खिडकीतून ओरडला, "मग माझ्यावरून का जावा? मी काय पायपुसणं आहे?"

"खालून घेऊ की," मिस्त्री म्हणाला.

"खालून म्हणजे त्याचा वर राहिला ना!" धाकटा म्हणाला. त्याच्या दोन्ही खांद्यांवर एकेक पोर रडत होतं. "माझ्या पोरांनी प्यायच्या पाण्याच्या डोक्यावरून यांच्या संडासाची वरात काढायची? जमणार नाही."

"एकच पाइप टाकून पुढे फाटे फोडले तर?" मिस्त्रीने विचारलं. तिघे एकदम त्याच्याकडे वळले. इतक्या वर्षांत तिघांचं एकमत झालेलं म्हाताऱ्याने त्याच दिवशी पाहिलं.

शेवटी धाकट्याने निकाल दिला. "आबा, कुणाचाही पाइप कुणाला न ओलांडता टाकून द्या. नाहीतर जुळी रांगायला लागली की मी माझा भाग विकून सासुरवाडीच्या गावाला जातो. विकत घेणारा तयार आहे. तो डुकरं पाळतो."

म्हाताऱ्याला डुकरांचं काही वाटलं नाही. नातवंडं जाणार, याचं मात्र वाटलं. ती दोघं अजून नीट मान धरत नव्हती. रांगायला फार दिवस लागणार नव्हते.

मिस्त्रीने जमिनीवर चुन्याच्या रेघा मारल्या, पुसल्या, परत मारल्या. घरांना वळसे घातले, टाकीच्या मागून नेलं, कुंपणाच्या कडेकडेने आणलं. आठ पाइप बसायचे. नववा आला की कुठेतरी कुणीतरी कुणाच्या तरी वर चढायचं. तिसऱ्या दिवशी त्याने चुन्याची बादली पालथी घातली. "आबा, माझी अक्कल संपली. शिकलेलं कुणीतरी बघा."

शिकलेलं घरातच होतं. थोरल्याची मुलगी कॉलेजात गणित शिकत होती. दिवसभर कागदावर ठिपके काढायची आणि ते रेघांनी जोडायची, म्हणून म्हातारा तिला ठिपकी म्हणायचा. दोघांचं नातं जरा वेगळं होतं. ती पहिलीत गेली तेव्हा म्हाताऱ्याने नोकरी सोडली होती आणि घरी बसून कंटाळला होता. तो तिच्या शेजारी पाटी घेऊन बसला आणि तिच्याबरोबर अक्षरं शिकला. पुढे ती दुसरीत गेली, हा पहिलीतच राहिला. पण आपण एका वर्गातले, असं तो कुणालाही सांगायचा.

"ठिपके, तुझ्या पुस्तकात पाइपांचं काही आहे का?"

ती हसली, आत गेली आणि एक पातळ पुस्तक घेऊन आली. पान उघडून त्याच्या पुढ्यात धरलं. त्यावर तीन घरं काढली होती. समोर तीन ठिकाणं: पाणी, गॅस, वीज. खाली प्रश्न: एकही रेघ दुसरीला न ओलांडता सगळं जोडता येईल काय?

म्हाताऱ्याने चष्मा पुसला. पान पुन्हा पाहिलं. मग आवाज खाली आणून विचारलं, "आपल्या घरातली भानगड यांना कुणी सांगितली?"

"आजोबा, हे पुस्तक माझ्या जन्माच्या आधीचं आहे."

"मग यांच्याही घरात असलीच कार्टी असणार. काय केलं त्यांनी?"

"जमत नाही, म्हणतात. कुणालाच. कधीच. याला ग्राफ थिअरी म्हणतात. ठिपके म्हणजे घरं, रेघा म्हणजे पाइप."

"पातळ पुस्तक आहे," म्हातारा म्हणाला. "जाड आण."

एका डॉक्टरने ऑपरेशन सांगितलं की माणूस दुसऱ्याकडे जातो, तशातला हा प्रकार. ठिपकीने लायब्ररीतून उशीएवढं पुस्तक आणलं. म्हातारा सकाळी दात घासले की ते मांडीवर घ्यायचा आणि एकेका शब्दाखाली बोट सरकवत वाचायचा. रोलरच्याच वेगाने. पण रोलरसारखाच, खाली आलेलं काही सोडायचा नाही. समजलं नाही तर मागे यायचा आणि पुन्हा त्याच्यावरून जायचा.

त्या पुस्तकाने त्याला पार चिडवलं. इतकी वर्षं न चिडलेला माणूस, पण पुस्तकच तसं होतं. एका जागी लिहिलं होतं, 'हे सहज दिसून येते.'

"कुणाला दिसतं?" तो ओरडला. "अगं ए, तुला दिसतंय का काही?"

म्हातारी गहू निवडत होती. "मला एवढंच दिसतंय, की टाकी भरलीय आणि मी बादलीने पाणी आणतेय."

पुढे एका ठिकाणी लिहिलं होतं, 'सिद्धता वाचकावर सोपवली आहे.' याचा अर्थ ठिपकीने सांगितला, तेव्हा म्हाताऱ्याने पुस्तक मिटलं. मग म्हणाला, "मी अर्धा रस्ता करून उरलेला चालणाऱ्यावर सोपवला असता, तर साहेबाने मला रोलरखाली घातलं असतं."

तरी पुस्तक त्याने सोडलं नाही. उलट आणखी मागवली. एक असं निघालं, की त्यात चित्रच नव्हतं. ते त्याने कपाटाच्या हलणाऱ्या पायाखाली घातलं. लायब्ररीचं आहे म्हणून ठिपकीने ते काढून घेतलं, आणि कपाट पुन्हा हलायला लागलं. एक पुस्तक कॉम्बिनेटोरिक्सचं होतं. एकेक न मोजता एकूण किती ते कसं सांगायचं, याचं शास्त्र. त्यात पहिल्याच धड्यात तीन माणसांना एका बाकावर किती प्रकारांनी बसवता येईल, ते दिलं होतं. सहा.

"सहा!" म्हातारा म्हणाला. "माझ्या तिघांना एका बाकावर बसवून दाखव म्हणावं. एका प्रकाराने."

इकडे जुळी पालथी पडायला लागली. धाकट्याची बायको पोरांची दुपटी टाकीवर नेऊन धुवायची आणि धुताना टाकीलाच बोलायची, म्हणजे ऐकणाऱ्यांना ऐकू जावं. डुकरांवाला एकदा येऊन पावलांनी जागा मोजून गेला. म्हाताऱ्याने त्याला चहासुद्धा विचारला नाही.

मग एका सकाळी म्हाताऱ्याने कपडे वाळत घालायची दोरी सोडली आणि अंगणात सहा खुंट्या ठोकल्या. तीन घरांच्या, तीन ठिकाणांच्या. ठिपकीने आणलेल्या चौथ्या पुस्तकात एक पान होतं, तेवढं त्याला पटण्यासारखं लिहिलेलं होतं. तो मोठ्याने वाचत गेला आणि दोरी लावत गेला. थोरल्याच्या घरावरून पाण्याकडे, तिथून मधल्याच्या घराकडे, तिथून गॅसकडे, मग धाकट्याकडे, मग गटाराकडे, आणि परत थोरल्याकडे. दोरीचं एक कडं तयार झालं.

"आता उरले तीन," ठिपकी म्हणाली. "प्रत्येकाचा समोरासमोरचा पाइप. एक कड्याच्या आतून जाईल. तो गेला की आत दुसऱ्याला वाट नाही, मग दुसरा बाहेरून जाईल. तो गेला की बाहेरही वाट नाही."

"आणि तिसरा?"

"तिसऱ्याला जागाच नाही, आजोबा."

म्हातारा दोरीकडे पाहत उभा राहिला. एक आत, एक बाहेर, तिसऱ्याला जागा नाही. त्याने तिसरी दोरी हातात घेऊन आतून घालून पाहिली, बाहेरून घालून पाहिली. मग ती गुंडाळली आणि खाली बसला.

"हे आधीच्या त्या जाड पुस्तकाला नीट सांगता आलं नसतं का?"

"त्यातही हेच होतं. वाचकावर सोपवलं होतं."

त्याने तिघा मुलांना बोलावलं आणि पुस्तक दाखवलं. थोरला म्हणाला, "हे ठिपकीचं पुस्तक. माझ्याच मुलीचं. लोक म्हणतील मीच छापून आणलं." मधल्याने पुस्तक उलटं करून पाहिलं, तसं काही जमतंय का म्हणून. धाकटा म्हणाला, "पुस्तकात गटार म्हणजे वीतभर रेघ असते, आबा. तिला वास येत नाही." आणि तो आत जाऊन बांधाबांध करायला लागला. कारण त्या दिवशी सकाळी जुळ्यांपैकी एकाने पोट उचलून गुडघे टेकले होते.

म्हाताऱ्याला दुपारचं जेवण गेलं नाही. त्याने ते पान पुन्हा काढलं. आता काही नवीन मिळेल अशी आशा नव्हती, पण मागे येऊन पुन्हा त्याच्यावरून जायची सवय होती. पानाच्या तळाशी बारीक अक्षरांत एक ओळ होती. पहिल्या वेळी बोट तिथपर्यंत पोचलंच नव्हतं. 'मात्र एकच छेद चालत असेल, तर सर्व जोडण्या शक्य आहेत.'

त्याने ती तीनदा वाचली. मग चप्पल घातली आणि मिस्त्रीच्या घरी गेला.

"एकच ओलांडायचा आहे," तो म्हणाला. "फक्त एक. मधल्याचं गटार आणि धाकट्याचं पाणी. अंगणाच्या मधोमध."

"ते मी पहिल्या दिवशी करून दिलं असतं, आबा. पण तुमची पोरं?"

"त्यांना दिसलं तर ना. वर ओटा बांधायचा. मला बसायला. मजबूत, विटांचा, सिमेंटचा. म्हाताऱ्या बापाचा ओटा कोण फोडतंय?"

मिस्त्रीने डोकं खाजवलं. "मधल्याचा आणि धाकट्याचा आत शिरताना दिसेल की."

"मग थोरल्याचाही घाल. उगाच फिरवून आण. आत तीन शिरू देत आणि तीन निघू देत. कोण कुणाला भेटलं ते आतल्या आत."

"आणि वर कुणाचा ठेवू?"

म्हातारा म्हणाला, "ते तुझ्या धंद्यात काय ठरलंय?"

"पिण्याचं पाणी वर. गटार खाली. दुसरं काय?"

"मग तसंच ठेव. आणि तोंड शिवून घे."

धाकट्याकडून चार दिवसांची मुदत म्हाताऱ्याने स्वतः मागून घेतली. मुलं कामावर गेली की चर खणायचे, ती यायच्या आत मधला भाग बुजवायचा. ओटा पुरा झाला. म्हातारी बाहेर आली, तिने त्याच्यावर हात फिरवून पाहिला आणि विचारलं, "सगळ्या आवारात बसायला हीच जागा सापडली? ऊन बघा केवढं."

"तू आत जा."

"काहीतरी पुरलंय तुम्ही याच्या खाली," ती म्हणाली. आणि हसत हसत आत गेली.

संध्याकाळी तिन्ही घरांत नळाला पाणी आलं, गॅस पेटला, आणि थोरल्याकडे संडासात पाणी सोडल्याचा आवाज अख्ख्या आवाराने ऐकला. मग एकेक जण ओट्याकडे आला. पहिला थोरला.

"आबा, खरं सांगा. आत काय केलंय?"

म्हाताऱ्याने आजूबाजूला पाहिलं. "तू थोरला. तुझा सगळ्यात वर आहे. पण त्या दोघांना बोलू नकोस, नाहीतर परत सुरू होईल."

थोरला ताठ झाला. "मी कशाला बोलतोय? मला काय मोठेपणा मिरवायचाय?"

मधला आला तेव्हा म्हातारा त्याला म्हणाला, "तू आयुष्यभर दोघांच्या मधे दबलास. म्हणून तुझा वर ठेवलाय." मधल्याच्या डोळ्यांत पाणी आलं. धाकटा सगळ्यात शेवटी आला, दोन्ही पोरांना घेऊन. त्याच्याशी म्हाताऱ्याला फार बोलावं लागलं नाही. "तुझं पाणी वर आहे," तो म्हणाला, आणि एक पोर काढून मांडीवर घेतलं. तिघांना सांगितलेल्यात तेवढंच खरं होतं. दुसऱ्या दिवशी धाकट्याने डुकरांवाल्याला नकार कळवला.

पाठोपाठ ठिपकी आली, लायब्ररीची पुस्तकं परत न्यायला.

"आजोबा, तिघंही खुशीत आहेत. पप्पा तर शीळ घालतायत. तुम्ही तिघांनाही तेच सांगितलंत?"

"सिद्धता वाचकावर सोपवली आहे," म्हातारा म्हणाला.

त्यानंतर आवारात भांडणं थांबली, असं कुणी म्हणू नये. कचरा, कुंपण, पोरांचा चेंडू, सगळ्यांवरून व्हायची. पण भांडण फार चढलं की तिघांपैकी कुणीतरी एकदम गप्प व्हायचा, ओट्याकडे नजर टाकायचा आणि मनातल्या मनात हसून बाजूला व्हायचा. माझाच वर आहे, यांना काय माहीत.

म्हातारा त्याच ओट्यावर बसल्या बसल्या गेला, जुळी चालायला लागली त्या आठवड्यात, मंगळवारी सकाळी, चहा अर्धा पिऊन. मिस्त्री भेटायला आला तेव्हा तिघा भावांनी त्याला एकेकटं कोपऱ्यात घेतलं आणि एकच प्रश्न विचारला. त्याने तिघांनाही होकारार्थी मान हलवली. पुढच्या वर्षी मिस्त्रीही गेला. म्हातारी त्यानंतर सहा वर्षांनी गेली. ओटा अजून आहे.