कॉन्सलचा शिक्का

कुस्तास रान्नूच्या होडीचा विषय निघाला की आर्टुर सिल्लास्तेच्या पोटात दुखायला लागायचं. आणि लंडनमधल्या एस्टोनियन मंडळींची एकही बैठक त्या होडीवाचून पार पडत नसे. चव्वेचाळीस सालच्या त्या वादळी दिवसांत, रशियन पाठीवर असताना, कुस्तासनं मासेमारीच्या होडीत बायकापोरं भरून स्वीडनचा किनारा गाठला होता. आर्टुर तेव्हा कुठे होता? लंडनमध्ये, छत्रीखाली. युद्धाआधी तो सुरुंग काढणाऱ्या जहाजाचा कप्तान होता आणि कुस्तास त्याच्या हाताखालचा कोवळा अधिकारी. मग सरकारनं आर्टुरला इथल्या वकिलातीत धाडलं, पाठोपाठ देशच गिळला गेला, आणि नकाशावर नसलेल्या देशाचा कॉन्सल म्हणून तो खुर्चीत बसला तो बसलाच.

जानेवारीत कुस्तास धापा टाकत जिना चढून आला. लंडनला आल्यापासून मुरंब्याच्या कारखान्यात खोकी उचलून त्याची पाठ वाकली होती, पण चेहरा फुलला होता.

"कमांडरसाहेब, नशीब उघडलं! लाकूड नेणाऱ्या जहाजावर मेटची जागा आहे, कप्तानाच्या हाताखालची. माझा परवाना तर तिकडेच राहिला. तुम्ही मला ओळखता असं शिक्क्यानिशी लिहून दिलंत की झालं. पण शनिवारच्या आत."

कॉफी घेऊन आलेली आर्टुरची बायको हेल्मी म्हणाली, "म्हणजे मुरंबा सुटला म्हणा की!"

"सुटला, वहिनी! आता पावाला नुसतं मीठ लावून खाईन, पण मुरंब्याचं नाव काढणार नाही."

हेल्मी खळखळून हसली. बायकोचं असं हसू आर्टुरनं कित्येक वर्षांत ऐकलं नव्हतं. पूर्वी तो बोटीवरून घरी यायचा, अंगाला डांबराचा वास असायचा, तेव्हा ती अशी हसायची. त्याचा नुसता जळफळाट झाला. याला होडी मिळाली, कौतुक मिळालं, आता समुद्रही मिळणार, आणि वर माझ्या घरातलं हसू! मला मात्र ही खुर्ची.

हेल्मी आत गेली तसा तो हळूच म्हणाला, "कुस्तास, तुझ्यापासून काय लपवायचं? इंग्रज आता आपला शिक्का मानत नाहीत. हसतील तुला."

धडधडीत खोटं. दोनच महिन्यांपूर्वी एका इंजिनियरला त्यानं असाच कागद दिला होता आणि तो बिनबोभाट चालला होता.

कुस्तासचा चेहरा उतरला. "आणि हे तुम्ही एकटे उरात घेऊन बसलात? जाऊ दे, साहेब. मी आहे ना मुरंब्यात."

जागा एका नॉर्वेच्या माणसाला गेली, जहाज सुटलं. आर्टुरला त्या आठवड्यात छान झोप लागली.

चोवीस फेब्रुवारीला, देशाच्या वाढदिवशी, सगळे जमले. झेंडा झाला, गाणं झालं, काळ्या पावावरचे खारे मासे संपले. यानंतरचा रिवाज ठरलेला. आर्टुरनं गणवेश घालून टेबलाशी बसायचं आणि मंडळींनी ठेवणीतल्या कपड्यांत रांग लावून जुने निळे पासपोर्ट वर्षभरासाठी शिक्का मारून घ्यायचे. ते घेऊन कुणी कुठे जात नसे. पण तो शिक्का पडला की आपला देश आहे, असं वाटायचं.

यंदा टेबलाशी कुणी आलंच नाही. लोक त्याची नजर चुकवून क्रिंगेल या गोड पावाचे तुकडे चघळत राहिले.

शेवटी कुस्तास जवळ आला. "शिक्का चालत नाही ते मीच सांगितलं सगळ्यांना. म्हटलं, साहेबांना उगाच अवघडल्यासारखं नको व्हायला. बिचाऱ्यांनी एवढी वर्षं आपल्यासाठी ओढलं."

आर्टुरनं टेबलाकडे पाहिलं. समोर कोरडा शिक्का, आणि देश म्हणून त्याच्याजवळ उरलं होतं ते एवढंच. तो उठला.

"शिक्का चालतो!" तो मोठ्यानं म्हणाला. "मी खोटं बोललो. याला जहाज मिळू नये म्हणून बोललो. जळत होतो मी याच्यावर, ऐकलंत?"

मग कुस्तासचे डोळे भरून आले. "बघा," तो लोकांकडे वळून म्हणाला, "देशाची अब्रू राखायला माणूस स्वतःच्या तोंडाला काळं फासून घेतोय."

कुणीतरी टाळी वाजवली आणि मग सगळ्यांनीच वाजवल्या. रांग लागली. सर्वांत पुढे कुस्तास. मागून एक म्हातारी समजुतीच्या सुरात म्हणाली, "मार बाबा शिक्का, मार. तो चालतो असंच आम्ही धरू."

"अहो, खरंच चालतो," आर्टुर म्हणाला.

"हो रे, हो," म्हातारी म्हणाली.

तो शिक्के मारत सुटला. रांग सरली तेव्हा त्यानं मान वर केली. खिडकीशी हेल्मी उभी होती. तिनं टाळ्या वाजवल्या नव्हत्या. पासपोर्ट तिच्या हातातच होता. तो तिनं पर्समध्ये परत ठेवला आणि नवऱ्याकडे न बघता कोट चढवला. त्या एवढ्या माणसांत त्याचं बोलणं खरं मानलं ते तिनं एकटीनं.