शिवणवर्गातली कुलूपबंद मशीन

बायांनो, भाकरी थापायला शिकवतो म्हणून कुणी तुम्हाला रोज घरी बोलावलं, तुमच्याकडून पीठ चाळून घेतलं, सरपण फोडून घेतलं, भांडी घासून घेतली, आणि सहा महिने तव्याला कुलूप घालून ठेवलं, तर तुम्ही त्याला काय म्हणाल?

जिंतुरात त्याला मास्तर म्हणत.

मी शिलाईची मशीन बोलतेय. पायानं चालवायची. माझा जन्म समुद्रापलीकडच्या कारखान्यात झाला. काळं कुळकुळीत अंग, त्यावर सोनेरी वेलबुट्टी, खाली बिडाचे पाय आणि पाऊल ठेवायला जाळीदार पट्टी. बोटीतून मुंबईला आणि आगगाडीनं परभणीला आले. तिथून बैलगाडीत घालून मला जिंतूरला नेलं, तेव्हा समोरून कापसाच्या गाड्यांची रांग येत होती. ती संपायलाच तयार नव्हती.

"समदा मुंबईला चाललाय," गाडीवान आपल्याशीच म्हणाला.

मला नवल वाटलं. कापूस इथला, वेचणारे हात इथले, आणि त्याचं कापड होऊन परत आलं की ते मशीनवर कसं शिवायचं हे मात्र इथल्या बाईला कुणी दाखवलेलं नाही! तेवढ्यासाठीच तर मला आणलं होतं. मी मोठ्या उमेदीनं आले हो.

निजामाचं राज्य, साल फसली तेराशे बावन्न, म्हणजे इंग्रजी एकोणीसशे बेचाळीस-त्रेचाळीस. गावातल्या मातबर मंडळींनी कमिटी करून बायकांसाठी शिवणवर्ग काढला होता. बाजारात शिंप्यांच्या दुकानांत मशिनी आल्या होत्या आणि हातानं चोळ्या, कुंच्या शिवून पोट भरणाऱ्या बायकांचं काम बसत चाललं होतं. त्यांना सहा महिने मशीन शिकवायची, मग परीक्षा घ्यायची. परीक्षेत एक अख्खं कापड मशीनवर शिवून दाखवील तिला दाखला. आणि दाखला असलेल्या बाईला दवाखान्याचं शिवण मिळणार होतं, म्हणजे चादरी, उशांचे अभ्रे, तान्ह्या मुलांची झबली. बारमाही काम.

वर्गात अकरा बायका आल्या. मशीन मी एकटी.

त्यांतली धुरपताबाई मला पहिल्या दिवसापासून आवडली. चाळिशीची, नवऱ्यामागं एकटी. आमच्या भागात बायका शिंप्याला अंगाचं माप देत नसत. जुनी चोळी पाठवायची, तेच माप. धुऊन धुऊन चोळी आटलेली असायची, म्हणून नवी चोळी घातली की काखेत काचायची. धुरपताबाई मात्र माजघरात जाऊन आपल्या वितीनं माप घ्यायची. लेकुरवाळीची चोळी कुठं सैल ठेवायची, म्हातारीची बाही कुठं मोकळी सोडायची, हे तिला न सांगता कळायचं. पण तिला एका चोळीला दोन दिवस लागत आणि बाजारात तीच चोळी तासात मिळे. दोन वर्षांत तिची निम्मी घरं तुटली होती. दाखला मिळाला नाही तर तिला गाव सोडून राणीसावरगावला भावाकडं जाऊन राहावं लागणार होतं.

"भाऊ न्हाई म्हणणार न्हाई," ती म्हणायची. "पर भावजईच्या चुलीचं सरपण व्हावं लागंल मला."

वर्ग सुरू झाला त्या दिवशी मला हार घातला, हळदकुंकू वाहिलं, नारळ फोडला. मग कोकिळेला पुढं केलं. ती सगळ्यांत लहान, नवऱ्यानं टाकलेली पोर. ती स्टुलावर बसली, पाय पुढं केला आणि चटकन मागं घेतला. वाकून तिनं माझ्या पट्टीला हात लावला आणि तो कपाळाला टेकवला.

"आत्ताच कुंकू लावलंय हिला. पाय कसा लावू?"

तिचं काय चुकलं? दसऱ्याला हत्यारं पुजणारं गाव ते. सुपाला, केरसुणीला चुकून पाय लागला तरी तिथं नमस्कार करतात. चांगल्या मनाची चूक होती, एका वाक्यात सुधारली असती. 'अगं पोरी, ही पट्टी पायासाठीच केलीय,' एवढं म्हणायचं होतं.

शिकवायला नेमलेला बन्सीधर मास्तर बाजारातला शिंपी दुकानदार होता. गळ्यात कायम टेप. त्यानं ते वाक्य म्हटलं नाही. तो टोपी नीट करून म्हणाला, "शाब्बास! हत्यार हाय ते. आमच्या घराण्यात पूजा होते त्याची. बाईमाणसाचा पाय लागणं बराबर न्हाई. अन् महिन्याचे दिवस कुणाचे कवा, ते मी काय इचारत बसू?"

अकराच्या अकरा माना खाली गेल्या. माझी सुई त्याच्या अंगठ्यातून आरपार घालावी असं मला तेव्हाच वाटलं.

"मग आमी शिकायचं काय?" धुरपताबाईनं मान खालीच ठेवून विचारलं.

"आधी हात बसू द्या. काज, बटण, तुरपाई. मशीन काय, शेवटाला चार दिसाचं काम हाय."

दुसऱ्याच दिवशी गठ्ठे येऊन पडले. लढाई चालू होती. परभणीच्या कुणा ठेकेदाराकडून मास्तरनं शिपायांचे खाकी सदरे शिवायचं काम धरलं होतं. खोली कमिटीची, मशीन कमिटीची, तेलसुद्धा कमिटीचं, आणि बावीस हात फुकटचे. तो दिवसभर मला चालवायचा आणि बायका भिंतीशी बसून काजं करायच्या. एका सदऱ्याला सात काजं. अहो, काज आणि तुरपाई त्या बायकांना लहानपणापासून येत होती! त्यांना आधीच येत असलेलं काम त्यांच्याकडून करून घ्यायचं आणि त्याला शिकवणं म्हणायचं! वर रोज संध्याकाळी हजेरीच्या वहीत लिहून तो मोठ्यानं वाचायचा, "आज मशीन चालवणे शिकवले."

वर्गात बायनाबाई म्हणून एक म्हातारी होती. तिला गप्प बसवणं मास्तरला कधी जमलं नाही.

"मास्तर, लढाई संपंस्तोवर तरी आमचा हात बसंल का?"

"मावशी, हात चालवा. तोंड नको."

"तोंडाला देवानं काज पाडलं न्हाई रं बाबा. न्हाई तर बटण लावून घेतलं असतं."

बायका पदरात तोंड घालून हसत. मास्तर माझं चाक आणखी जोरात फिरवी.

दुपारी जेवायला जाताना तो माझ्यावर लाकडी झाकण घालून कुलूप लावायचा. किल्ली जानव्यासारखी गळ्यातल्या दोऱ्यात. मी आत अंधारात बसे आणि बाहेरचं ऐके. झाकण नसे तेव्हा धुरपताबाईचा पाय मी रोज बघत आले होते. काज करताना लुगड्याच्या आत तो हळूहळू हलायचा, टाच, चवडा, टाच, चवडा, अगदी माझ्या तालात.

एका दुपारी बायनाबाईनंही ते पाहिलं.

"धुरपते, भुईला कशाला झुलवायलीस? ती बघ की पट्टी उघडीच हाय. मेल्यानं वरतीच कुलूप लावलंय."

"पाप लागंल, मावशी."

"कोष्टी माग कशानं चालवतो गं?"

"पायानं."

"अन् दसऱ्याला पूजतो का न्हाई त्याला?"

"पूजतो."

"मग त्याचा देव लंगडा हाय का? त्याला चालतंय, अन् तुझा पाय लागला की बाटायलाय व्हय!"

धुरपताबाईनं हातातला सदरा खाली ठेवला. मग उठली, माझ्या पट्टीला हात लावून कपाळाला लावला, आणि दोन्ही पावलं पट्टीवर ठेवली. सहा महिन्यांच्या वर्गात चार महिने उलटून गेले होते.

वरचं चाक झाकणात होतं, म्हणून ते हातानं फिरवून मला सुरू करता येईना. कोकिळा वाकून खालचं मोठं चाक ढकलायची. पहिले चार दिवस चाक उलटंच फिरलं. पण मग बसला ताल. आत अंधारात माझी सुई रिकामीच वरखाली होत होती, दोरा नाही, कापड नाही. तरी सांगते, माझ्या आयुष्यातली ती पहिली खरी शिकवणी होती. रोज दुपारी त्या पाळीपाळीनं बसत. एक दाराशी उभी राहायची, मास्तर येतो का बघायला. शिकायला आलेल्या बायकांनी शिकण्यासाठीच पहारा ठेवायचा! सांगताना आजही माझ्या बिडाच्या पायांना राग चढतो.

परीक्षेचा दिवस ठरला. औरंगाबादेहून परीक्षक बाईसाहेब येणार होत्या. आदल्या दिवशी मास्तरनं स्वतः माझ्यावर अकरा झबली शिवली, बायकांकडून त्यांना बटणं लावून घेतली आणि प्रत्येकीच्या नावाची चिठ्ठी टाचली.

"बाईसाहेबांनी इचारलं की मान हलवायची. बस्स. दाखला मिळाल्याशी मतलब."

खरं सांगते, मोह कुणालाही पडला असता. धुरपताबाईनं नुसती मान हलवली असती तर दाखला तिच्या हातात होता आणि राणीसावरगावची वाट टळली होती. पण दाखला घेऊन दवाखान्यात बसल्यावर तिथल्या मशीनला दोरा कोण ओवून देणार होतं? मास्तर?

बाईसाहेब आल्या. चष्मा लावलेल्या, शांत बाई. त्यांनी धुरपताबाईच्या नावाचं झबलं उचललं.

"ये तुमने सिया?"

धुरपताबाईनं मान हलवली नाही. ती म्हणाली, "न्हाई, बाईसाहेब. शिवण मास्तरचं हाय. बटणं माझी."

मास्तर हसत पुढं झाला. "घाबरली जी. खेड्यातली बाई."

"घाबरून खरं बोलतेत व्हय?" बायनाबाईनं मागून विचारलं.

बाईसाहेबांनी धुरपताबाईकडं निरखून पाहिलं. "मशीन चलाना आता है?"

"पाय चालतो. दोरा ओवायचं कुणी दावलं न्हाई आमाला."

बाईसाहेबांनी स्वतः माझ्यात दोरा ओवला आणि कापडाचे दोन तुकडे दिले. धुरपताबाईनं पाऊल टाकलं. काय सांगू तुम्हाला! वीतभर शिवण अशी सरळ गेली की मास्तरचीसुद्धा कधी गेली नव्हती. दहाजणी श्वास धरून उभ्या होत्या. मग कोपरा आला. कोपऱ्यावर कापड वळवायचं तर सुईशेजारची, कापड दाबून धरणारी माझी दाबपट्टी उचलावी लागते. ती उचलायची असते हे तिला कुठून माहीत असणार? तिनं कापड ओढलं. कापड अडकलं, दोरा तुटला.

"पूरा कपडा?" बाईसाहेबांनी आपल्या कागदाकडं बघत विचारलं. "नहीं हुआ."

बाईसाहेब दुष्ट नव्हत्या, पण त्यांच्या कागदावर रकाना एकच होता, अख्खं कापड शिवलं की नाही शिवलं. कुणी शिकवलं नाही, का शिकवलं नाही, सहा महिने या बायका इथं काय करत होत्या, याला त्या कागदावर जागाच नव्हती. अकराही जणी नापास. बाईसाहेब मायेनं म्हणाल्या, "औरतें मेहनती हैं, मगर कच्ची हैं. और छे महिने सिखाओ, मास्तर."

और छे महिने! त्याच मास्तरकडं! चोराला पकडलं आणि तिजोरीच्या किल्ल्या त्याच्याच हवाली केल्या. मास्तरनं वाकून सलाम केला. टांगा वळणाआड जाताच तो बायकांना म्हणाला, "उद्या येळंवर या. दोनशे सदरे यायलेत."

धुरपताबाई तुटलेला दोरा बोटाभोवती गुंडाळत उभी होती. तिच्या डोळ्यांत पाणी नव्हतं. पाणी असतं तर मला इतकं लागलं नसतं.

त्याला आता पाच वर्षं झाली. वर्ग कधीच मोडला, कमिटीतली मंडळी पांगली. मी एका कोठीत जुन्या दप्तरांच्या गठ्ठ्यांखाली पडून आहे. वेलबुट्टी उडाली, चामड्याचा पट्टा उंदरांनी खाल्ला. दाखला कुणालाच मिळाला नाही आणि दवाखान्याचं शिवण बाहेरगावी गेलं. पण धुरपताबाई राणीसावरगावला गेली नाही. तिनं एक जुनी मशीन मिळवली आणि ती जिंतुरातच चोळ्या शिवते. कोकिळा तिच्याजवळ बसते. अकरांपैकी सातजणी मशीनवर शिवून पोट भरतात. त्या कुठं शिकल्या, हे मास्तरच्या वहीत नाही की बाईसाहेबांच्या कागदात नाही. म्हणून मला बोलावं लागलं.

माझं मागणं एवढंच. उद्या कुणी आयाबायांना नवं काम शिकवायला वर्ग काढला, तर वही वाचू नका, चिठ्ठ्या टाचलेली झबली बघू नका. कुठल्याही दिवशी, न सांगता, आत डोकवा आणि मशीनसमोरच्या स्टुलावर कोण बसलंय तेवढं बघा. एखादी बाई कच्ची निघाली तर शिकवणाऱ्याला आधी विचारा. मला आता कुणी चालवावं अशी आशा नाही. माझ्या मागून येणाऱ्या मशिनींना तरी कुलपात घालू नका.

त्या सातजणी कशा शिकल्या, तेवढं सांगते आणि थांबते. परीक्षेच्या दुसऱ्या दिवशी सकाळी अकराही जणी वेळेवर आल्या. मास्तरनं माझं कुलूप काढलं आणि तो बसायच्या आत धुरपताबाई स्टुलावर बसली. बाकीच्या दहाजणी तिच्यामागं रांगेत उभ्या राहिल्या. "आधी दोरा ओवायचं दावा, मग काज," धुरपताबाई म्हणाली, आणि त्या दिवशी एकाही सदऱ्याला काज पडलं नाही.